अपील अडकलंय कुठे, ते आधी शोधा: लवकर सुनावणी मागण्याआधी आणि मागताना

आईच्या माहेरच्या जमिनीचा वाटपाचा दावा आम्ही २००९ साली लावला. २०१४ ला तालुक्याच्या कोर्टानं आईला भावांच्या बरोबरीनं हिस्सा दिला. महिन्याभरात थोरल्या मामांनी जिल्हा न्यायालयात अपील केलं आणि हुकूमनाम्याला स्थगिती घेतली. तेव्हा आई ७१ वर्षांची होती. त्यानंतर कितीतरी वर्षं मी शाळेतून घरी आले की तिचा पहिला प्रश्न ठरलेला असे, ‘पुढची तारीख कधीची?’ मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका. कायदा शिकलेली नाही. पण हे अपील निकाली निघेपर्यंत जे कळलं, ते आमच्यासारख्या घरांना उपयोगी पडेल म्हणून सगळं सविस्तर लिहिते.

आमची पहिली चूक आधी सांगते, कारण बहुतेक जण तीच करतात. २०१९ मध्ये मी वकिलांच्या मागे लागले, ‘आई म्हातारी झाली, अपील लवकर चालवा असा अर्ज द्या.’ त्यांनी दिला. पुढच्या तारखेला त्यावर एका ओळीचा हुकूम आला: एका रिस्पॉण्डंटचे वारस रेकॉर्डवर नाहीत, सबब अर्ज नामंजूर. (रिस्पॉण्डंट म्हणजे ज्याच्याविरुद्ध अपील आहे तो पक्षकार.) मला फार लागलं. पण त्या ओळीत कोर्टानं आमच्या अपिलाचं दुखणंच सांगितलं होतं, हे कळायला मला आणखी दोन वर्षं लागली. सुनावणीस तयार नसलेलं अपील न्यायाधीशांना लवकर चालवताच येत नाही. त्यामुळे ‘लवकर घ्या’ म्हणण्याआधी ते नेमकं कुठे अडलंय हे शोधायचं, ती अडचण दूर करायची आणि मगच अर्ज द्यायचा. क्रम उलटा केला तर अर्ज वाया जातो आणि दुसऱ्यांदा तोच अर्ज नेताना कमीपणा वाटतो तो वेगळाच.

रोजनामा वाचा

ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा मोबाइल अ‍ॅपवर तुमच्या अपिलाचा सीएनआर क्रमांक टाका. हा प्रत्येक प्रकरणाचा स्वतंत्र ओळख क्रमांक, १६ अक्षरांचा असतो आणि महाराष्ट्रातल्या जिल्हा व तालुका न्यायालयांचा ‘एमएच’नं सुरू होतो. क्रमांक माहीत नसेल तर पक्षकाराच्या नावावरून किंवा अपील क्रमांक आणि वर्ष टाकूनही सापडतो. केस हिस्टरीत प्रत्येक तारखेसमोर टप्पा दिसतो: नोटीस, स्टेप्स (पक्षकारानं करायची पुढची कार्यवाही), से (समोरच्याच्या अर्जावरचं लेखी म्हणणं), आर अँड पीची (खालच्या कोर्टाच्या मूळ रेकॉर्डची) वाट, युक्तिवाद. तारखेवर बोट ठेवलं की त्या दिवशी काय झालं तेही बहुतेक वेळा उघडतं.

पण खरा कागद रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं याची कोर्टानं ठेवलेली नोंद. नक्कल विभागात अर्ज देऊन सुरुवातीपासूनच्या रोजनाम्याची साक्षांकित नक्कल घ्या. वकिलांमार्फत घेतलीत तर सोपं, पण पक्षकार स्वतःही अर्ज करू शकतो. यासाठी माहितीचा अधिकार वापरू नका. न्यायालयाच्या कागदपत्रांच्या नकला न्यायालयाच्या नियमांनीच घ्यायच्या, माहिती अधिकारात नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २०२० मध्ये स्पष्ट केलं आहे. उगाच वेळ जातो.

जून २०२१ मध्ये मला आमच्या रोजनाम्याची नक्कल मिळाली. एकूण ६१ तारखा. एका रविवारी मी तीन रंगांची पेनं घेऊन बसले. न्यायाधीश रजेवर, जागा रिकामी, टाळेबंदी, वकिलांचं कामबंद अशा तारखांना निळी खूण. मामांच्या बाजूनं मुदत मागितली तिथे लाल. आमच्या बाजूनं मागितली तिथे हिरवी. निळ्या २७ झाल्या, लाल १९ आणि हिरव्या १५.

त्या १५ हिरव्या खुणांकडे मी किती तरी वेळ बघत बसले. इतकी वर्षं घरात आम्ही एकच बोलत होतो, मामा मुद्दाम लांबवतात. ते खोटं नव्हतं. पण आमच्या बाजूनंही ‘से देण्यासाठी मुदत मिळावी’ असे अर्ज एकामागून एक गेले होते आणि आम्हाला त्याची कल्पनाच नव्हती. वकिलांवर मी चिडले नाही. त्यांच्याकडे शेकडो प्रकरणं असतात आणि ज्याचा पक्षकार विचारत नाही ते प्रकरण मागे पडतं. त्या दिवसापासून मी एक वही केली. प्रत्येक तारखेला काय झालं, पुढच्या तारखेला काय होणार आहे आणि त्यासाठी आमच्याकडून काय हवं आहे, अशा तीन ओळी. तारखेच्या आधी चार दिवस वकिलांना फोन करून तिसरी ओळ वाचून दाखवायची. एवढ्यानं फरक पडतो.

अडचणी सहसा कुठे असतात

सर्वांत जास्त अपिलं वारसांपाशी अडतात. आमचंही तिथंच अडलं होतं. वाटपाच्या दाव्यात पक्षकार पुष्कळ आणि वयस्कर, त्यामुळे अपील चालू असताना कुणी ना कुणी जातंच. आमचे धाकटे मामा २०१८ मध्ये वारले. ते अपिलात रिस्पॉण्डंट होते. त्यांचे वारस रेकॉर्डवर घेण्याचं काम अपिलांटचं, म्हणजे अपील करणाऱ्या थोरल्या मामांचं. त्यासाठी मृत्यूपासून ९० दिवस मिळतात. तेवढ्यात अर्ज आला नाही तर त्या माणसापुरतं अपील आपोआप संपतं, त्याला अबेट होणं म्हणतात. ते रद्द करून घ्यायला पुढे ६० दिवस असतात आणि तेही गेले तर विलंब माफीचा अर्ज लागतो. आपला पक्षकार वारल्याचं कळलं की ते न्यायालयाला सांगणं वकिलाचं कर्तव्य आहे, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २२ मध्ये नियम १०-अ मध्ये ते लिहिलेलं आहे. प्रत्यक्षात कुणी सांगत नाही आणि प्रकरण ‘स्टेप्स’ या टप्प्यावर लोळत पडतं.

मामांनी सव्वा वर्षानं विलंब माफीचा अर्ज दिला. त्यावर आमचा से मागितला गेला आणि आमच्या हिरव्या खुणा बहुतेक तिथल्याच होत्या. वकिलांचं म्हणणं होतं की विरोध करू, वाटपाचा हुकूमनामा अखंड असतो, एकाविरुद्ध अपील संपलं तर सगळंच संपलं असा युक्तिवाद करता येईल. मुद्दा कायद्यानं चुकीचा नव्हता. पण मी त्यांना विचारलं, ‘हा अर्ज नामंजूर झाला तर मामा उच्च न्यायालयात जातील ना?’ ते म्हणाले, जाऊ शकतात. तिथे किती वर्षं, हे कुणी सांगू शकत नव्हतं. न्यायालयं असे अर्ज साधारण उदार मनानं मंजूर करतात, हेही त्यांनीच सांगितलं. आम्ही घरी बसून ठरवलं: हरकत नाही असं लिहून द्यायचं, फक्त खर्च मागायचा. माझ्या मते आख्ख्या प्रकरणात आम्ही घेतलेला सर्वांत चांगला निर्णय हाच. तुमची मूळ बाजू भक्कम असेल तर आडवाटेच्या विजयामागे लागू नका. तुमची बाजू लंगडी असेल तर वकील वेगळा सल्ला देतील आणि तो ऐकावा.

एक गोष्ट अनेकांना माहीत नसते. मयत पक्षकारानं खालच्या कोर्टात कैफियतच (दाव्याला लेखी उत्तर) दिली नसेल किंवा हजर राहून दावा लढवलाच नसेल, तर त्याचे वारस घेण्यापासून न्यायालय सूट देऊ शकतं. ऑर्डर २२ नियम ४ चा चौथा पोटनियम. ही सूट निकाल लागण्याआधी मागावी लागते. चार-पाच नावं निव्वळ औपचारिक असतील तर वकिलांना हे जरूर विचारा.

दुसरी अडचण नोटीस बजावणीची. धाकट्या मामांच्या वारसांपैकी एक मुलगी लग्न होऊन दुसऱ्या शहरात गेलेली. अर्जात पत्ता गावचा. बेलीफाचा अहवाल दोनदा आला, ‘सदर इसम येथे राहत नाही.’ पत्ता देणं अपिलांटचं काम, आपण कशाला द्यायचा, असं आमच्या घरात एकानं म्हटलं. मी मामेबहिणीला फोन केला. ती म्हणाली, ‘ताई, मला तर कुणी काही सांगितलंच नाही.’ तिचा पूर्ण पत्ता घेतला आणि आमच्या वकिलांमार्फत पुरसीस, म्हणजे कोर्टाला लेखी निवेदन, दिली. नोटीस तीन आठवड्यांत लागली. तुम्ही स्वतः अपिलांट असाल तर हमदस्त नोटीस मागा, म्हणजे नोटीस तुमच्या हाती मिळते आणि तुम्ही ती नेऊन देता. माणूस टाळतच असेल तर दारावर चिकटवून किंवा वर्तमानपत्रात जाहीर नोटीस देऊन बजावणी करून घ्यायची परवानगी मागता येते.

तिसरी, खालच्या कोर्टाचं मूळ रेकॉर्ड, ज्याला सगळे आर अँड पी म्हणतात. ते आल्याशिवाय युक्तिवाद होत नाही. जिल्ह्याहून तालुक्याला मागणीपत्र जातं, त्याला उत्तर येत नाही, पुन्हा स्मरणपत्र, यात वर्षं जातात. आमचं रेकॉर्ड आलेलं होतं, पण दुसऱ्याच अपिलाच्या गठ्ठ्यात. वकिलांच्या कारकुनानं शोधून काढलं. रोजनाम्यात ‘आर अँड पी प्राप्त’ अशी नोंद दिसते का पाहा. नसेल तर तालुक्याच्या कोर्टात जावक क्रमांक विचारा.

याशिवाय मधले अर्ज. नवा पुरावा देण्याचा अर्ज, दुरुस्तीचा अर्ज, कुणाला पक्षकार करण्याचा अर्ज. यातला प्रत्येक अर्ज निकाली निघेपर्यंत मूळ अपील थांबतं. निशाणी क्रमांकांची, म्हणजे प्रकरणातल्या कागदांना कोर्टानं दिलेल्या क्रमांकांची, यादी करा आणि कुठल्या निशाणीवर हुकूम झालेला नाही ते शोधा. तुमचाच एखादा जुना अर्ज आता निरुपयोगी असेल तर तो मागे घ्या.

मग अर्ज द्या

सगळे पक्षकार बजावले गेले, रेकॉर्ड आलं, मधले अर्ज संपले, आता अपील सुनावणीस तयार आहे. लवकर सुनावणीचा अर्ज अपिलांटही देऊ शकतो आणि रिस्पॉण्डंटही. यासाठी संहितेत वेगळं कलम नाही, कलम १५१ खाली न्यायालयाच्या अंगभूत अधिकारात तो दिला जातो. जिल्हा न्यायालयात मराठीतून चालतो. सोबत प्रतिज्ञापत्र. प्रत समोरच्या वकिलांना आधीच देऊन पोच घ्या, म्हणजे त्या निमित्तानं एक तारीख वाचते.

कधी द्यायचा यालाही महत्त्व आहे. न्यायाधीशांच्या बदल्या साधारण उन्हाळ्यात होतात. फेब्रुवारीत अर्ज मंजूर झाला, एप्रिलमध्ये युक्तिवाद झाला आणि निकालाआधी साहेब बदलून गेले, तर नव्या साहेबांपुढे सगळा युक्तिवाद पहिल्यापासून. म्हणून आम्ही सुट्टी संपून कोर्ट उघडल्यावर, जून २०२२ मध्ये अर्ज दिला.

कारणं ठोस हवीत. ‘प्रकरण बरीच वर्षे प्रलंबित आहे’ हे प्रत्येक अर्जात असतं आणि त्यानं कुणाचं मन हलत नाही. आमच्या अर्जाचा गाभा असा होता:

‘रिस्पॉण्डंट क्रमांक १ यांचे वय ७९ वर्षे असून त्यांच्या वयाचा दाखला व जिल्हा रुग्णालयाचे वैद्यकीय प्रमाणपत्र सोबत जोडले आहे. मूळ दावा सन २००९ चा व अपील सन २०१४ चे आहे. हुकूमनाम्यास सन २०१४ पासून स्थगिती असल्याने रिस्पॉण्डंट क्रमांक १ यांना हिश्श्याच्या जमिनीचे कोणतेही उत्पन्न मिळालेले नाही. सर्व पक्षकारांना नोटीस बजावणी झालेली असून मूळ रेकॉर्ड प्राप्त आहे. कोणताही अर्ज प्रलंबित नाही. रिस्पॉण्डंट क्रमांक १ तर्फे युक्तिवादास तयारी असून एकच तारीख पुरेशी आहे व कोणतीही मुदत मागितली जाणार नाही. सबब अपील अंतिम युक्तिवादासाठी नजीकच्या तारखेस ठेवून निकाली काढावे, ही विनंती.’

यातलं ‘कोणतीही मुदत मागितली जाणार नाही’ हे वाक्य वकिलांना घालायचं नव्हतं. मी आग्रह धरला. आपण बांधून घेतलं तरच समोरच्याला बांधा म्हणता येतं.

कारणं आणखीही असू शकतात. गंभीर आजार, विधवा किंवा दिव्यांग पक्षकार, मधल्या काळात वादातली मिळकत विकली किंवा पाडली जाण्याची खरी भीती, राहतं घरच वादात असणं. ज्याचा कागद आहे तेवढंच लिहा. सोबत एक पानाचा तारीखवार तक्ता जोडा: दावा, निकाल, अपील, स्थगिती, वारस, बजावणी, आजची स्थिती. न्यायाधीशांना साठ पानांचा रोजनामा चाळायला लावू नका, पण नक्कल जोडून ठेवा.

आमच्यासारखा मुलीच्या हिश्श्याचा वाद असेल तर एक फार महत्त्वाचा आधार आहे आणि तो जिल्ह्यांत कितीतरी जणांना ठाऊक नाही. आजोबा १९९८ ला वारले होते. ९ सप्टेंबर २००५ ला, म्हणजे हिंदू वारसा कायद्यातली दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, वडील हयात नसतील तर मुलीला सहदायादाचा, म्हणजे वडिलोपार्जित मिळकतीत जन्मानं वाटा असलेल्याचा, हक्क नाही, असा मामांचा अपिलातला मुद्दा. २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल त्यांच्या बाजूनं गेला आणि आमचं घर हादरलं. पुढे ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या प्रकरणात तीन न्यायमूर्तींनी ठरवलं की मुलीचा हक्क जन्मानं आहे, वडील त्या तारखेला हयात असण्याची गरज नाही. आणि त्याच निकालाच्या शेवटी अशी विनंती आहे की या प्रश्नावर प्रलंबित असलेले दावे आणि अपिलं शक्यतो सहा महिन्यांत निकाली काढावीत. आम्ही ते पान जोडलं, ओळींखाली खूण केली. अर्जावर सुनावणी झाली तेव्हा साहेबांनी ते पान दोनदा वाचलं, हे मी मागच्या बाकावरून पाहिलं.

समोरच्या वकिलांनी म्हणणं दिलं, ‘बोर्डावर (सुनावणीच्या यादीत) याहून जुनी अपिलं आहेत.’ हे नेहमीचं उत्तर आहे आणि त्यात तथ्यही असतं. त्या रांगेतल्या कुणाची तरी आई माझ्या आईसारखीच असणार, हे मला माहीत होतं. म्हणून रांग मोडा असं न म्हणता, हे अपील तयार आहे आणि ज्यासाठी रिकामा वेळ राखून ठेवावा असं आहे, एवढंच आमच्या वकिलांनी मांडलं. जुलैमध्ये अर्ज मंजूर झाला.

मंजूर झाल्यावर

खरी परीक्षा इथून पुढे. अर्ज मंजूर करून घेतला आणि पहिल्याच तारखेला आपले वकील दुसऱ्या कोर्टात अडकले तर सगळं गमावलं. तारीख ठरताच वकिलांना विचारा, त्या दिवशी त्यांची आणखी कुठे सुनावणी आहे आणि ते नसले तर कोण उभं राहणार. आम्ही निकालपत्र, कैफियत, महत्त्वाचे सातबारा उतारे, फेरफार आणि साक्षींमधले नेमके परिच्छेद एका फाइलीत पानांचे क्रमांक घालून लावले. निकालासाठी मुद्दे कोणते याचा एक कागद आणि लेखी युक्तिवाद तयार ठेवला. अपिलात आधी अपिलांट बोलतो, मग रिस्पॉण्डंट, मग अपिलांटचं उत्तर. त्यामुळे समोरच्यानं दोन तारखा खाल्ल्या तरी आपलं लेखी म्हणणं रेकॉर्डवर जाऊन बसलेलं असतं.

समोरच्यानं मुदत मागितली तर दर वेळी खर्चाची मागणी करा. अपिलांट सतत गैरहजर राहिला तर न्यायालय अपील गैरहजेरीसाठी काढून टाकू शकतं, गुणदोषांवर निकाल देऊ शकत नाही. आणि असं काढलेलं अपील ३० दिवसांत अर्ज करून परत दाखल होऊ शकतं. म्हणून मला तरी समोरच्याची गैरहजेरी फार आनंदाची गोष्ट वाटत नाही. त्यानं उभं राहून बोलावं आणि निकाल लागावा, तोच टिकतो.

स्थगितीबद्दल एक गैरसमज अजून फिरतो. सहा महिन्यांनी स्थगिती आपोआप उठते, असं लोक सांगतात. २०१८ च्या एका निकालामुळे तसं मानलं जात होतं. २९ फेब्रुवारी २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं तो नियम रद्द केला. आता स्थगिती उठवायची तर अर्जच द्यावा लागतो. नुसतं अपील दाखल केल्यानं हुकूमनामा थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती देताना न्यायालय अटी घालू शकतं. तुम्ही खालच्या कोर्टात जिंकलेले असाल आणि स्थगिती बिनशर्त असेल, तर उत्पन्नातला किंवा भाड्यातला वाजवी हिस्सा दरवर्षी कोर्टात भरावा अशी अट मागा. फुकट मिळालेली स्थगिती कुणालाच सोडवत नाही. पैसे भरावे लागले की समोरच्यालाही निकालाची घाई होते. हे आम्ही उशिरा केलं, याची मला आजही खंत आहे.

अर्ज नामंजूर झाला किंवा कोर्टच रिकामं असलं तर

कारण वाचा. अपील तयार नाही असं कारण असेल तर ते दूर करून पुन्हा जा. न्यायाधीशांची जागाच रिकामी असेल किंवा त्या कोर्टावर फार बोजा असेल, तर कलम २४ खाली प्रधान जिल्हा न्यायाधीशांकडे अपील दुसऱ्या न्यायाधीशांकडे वर्ग करण्याचा अर्ज देता येतो. न्यायाधीशांविरुद्ध तक्रारीचा सूर त्यात चुकूनही नको.

त्याही पुढचा मार्ग म्हणजे संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करून, खालच्या न्यायालयाला अमुक मुदतीत अपील निकाली काढायला सांगा अशी मागणी. पूर्वी असे आदेश सहज मिळत. वर सांगितलेल्या २०२४ च्याच निकालात घटनापीठानं म्हटलं आहे की उच्च न्यायालयांनी आणि सर्वोच्च न्यायालयानं इतर न्यायालयांतल्या प्रकरणांना मुदत घालून देणं सामान्यतः टाळावं, अपवादात्मक परिस्थितीतच ते करावं. म्हणून हा रस्ता शेवटचा समजा आणि तुमची परिस्थिती अपवादात्मक कशी आहे ते कागदांनी दाखवता आलं तरच घ्या.

वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, १९८७ च्या कायद्यातच ते आहे. आईसाठी हे मला आधी माहीत असतं तर बरं झालं असतं. तिथेच लोकअदालतीचीही चौकशी करा. तिथला तडजोडीचा निवाडा हुकूमनाम्यासारखाच अमलात येतो आणि त्यावर अपील नसतं. आम्ही एकदा बसलो होतो. मामांनी रस्त्याकडेची जमीन सोडायची नाही एवढाच हट्ट धरला आणि आई उठली. पण त्या बैठकीत भाऊबहीण बारा वर्षांनी एका बाकावर बसले, ते मला वाया गेलं असं वाटत नाही.

आणि कुणी ‘आतून तारीख लवकर लावून देतो’ म्हणालं तर त्याच्या वाऱ्यालाही उभं राहू नका. न्यायाधीशांना पत्र लिहू नका, चेंबरमध्ये भेटायला जाऊ नका.

उच्च न्यायालयातलं अपील

इथला माझा अनुभव कमी आहे, म्हणून थोडक्यात. दुसरं अपील कलम १०० खाली असतं आणि कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न निघाला तरच दाखल करून घेतलं जातं. त्यामुळे आधी बघा, तुमचं अपील दाखल करून घेतलं गेलंय की अजून अ‍ॅडमिशनलाच आहे. ऑफिस ऑब्जेक्शन (कार्यालयानं काढलेल्या त्रुटी) शिल्लक असतील तर ती आधी काढा, त्यापायी अपील परस्पर निकाली निघू शकतं. बोर्डावर आणण्यासाठी वकील प्रेसिपी (लेखी विनंतीची चिठ्ठी) देऊन सर्क्युलेशन (प्रकरण न्यायमूर्तींपुढे ठेवणं) मागतात. अंतिम सुनावणी लवकर हवी असेल तर वेगळा अर्ज लागतो आणि कामकाज इंग्रजीतून. ‘हिअरिंग एक्सपीडायटेड’ (सुनावणी लवकर घ्यावी) असा हुकूम मिळाला म्हणून निर्धास्त होऊ नका, तसे हुकूम मिळालेल्या अपिलांचीही रांग असते. ठरावीक आठवडा मागून घेता आला तर पाहा. सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आहे. या जिल्ह्यांतल्या लोकांनी आपलं प्रकरण आता कुठल्या बोर्डावर दिसतं ते वकिलांकडून खात्री करून घ्यावं.

आमचा युक्तिवाद सप्टेंबरपासून नोव्हेंबरपर्यंत चार तारखांना झाला. जानेवारी २०२३ मध्ये मामांचं अपील फेटाळलं. आई कोर्टात आली होती. निकालाचा अर्थ तिला बाहेर व्हरांड्यात मी सांगितला. तिनं विचारलं, ‘म्हणजे आता तारीख नाही?’

एक काम उरलं होतं. उच्च न्यायालयात दुसरं अपील करायला मामांना ९० दिवस होते आणि आम्हाला न कळवता पुन्हा स्थगिती मिळू नये म्हणून आम्ही आठव्या दिवशी कलम १४८-अ खाली कॅव्हेट दाखल केलं. कॅव्हेट दाखल केल्यापासून ९० दिवसच टिकतं आणि समोरच्याला विलंब माफी मागून नंतरही येता येतं, म्हणून ८५ व्या दिवशी दुसरं दाखल केलं. तालुक्याच्या कोर्टात दरखास्त (हुकूमनामा अमलात आणण्याचा अर्ज) त्याच आठवड्यात लावली. शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं, त्यामुळे मोजणीची नोटीस कधी येते याची वाट न पाहता मीच दर पंधरा दिवसांनी तहसील कार्यालयात जाऊन विचारायला लागले. वही तीच, पानं नवी.